पटकथा नसलेल्या फिल्मची निर्मिती

प्रायोगिक फिल्म करणारे दिग्दर्शक निर्मात्याकडे येतात तेव्हा त्यांच्या हातात बांधीव पटकथा नसते. काही छायाचित्रं असतात, ध्वनिमुद्रणाच्या दोन-चार फाइल्स असतात, एखाद्या जागेबद्दलच्या नोंदी असतात आणि ‘असं करून बघायचंय’ एवढं एक वाक्य असतं. करून बघितल्यावर काय हाती लागेल हे त्यांनाही माहीत नसतं, आणि त्यात गैर काही नाही. कथापटाचा निर्माता ठरलेली गोष्ट ठरलेल्या पैशांत बसवतो. आमच्या, म्हणजे प्रायोगिक फिल्मच्या निर्मात्यांच्या, कामात जे अजून ठरलेलं नाही त्याच्यासाठी वेळ, पैसा आणि करारातली जागा आधीपासून राखून ठेवावी लागते. ती राखली नाही तर नंतर कुणी देत नाही, आणि मग कात्री लागते ती नेमकी प्रयोगाच्याच भागाला.

पहिल्या बैठकांत विषयावर फार वेळ घालवत नाही. विचारतो ते असं: फिल्म कशावर चित्रित होणार, सुपर ८, १६ एमएम (दोन्ही कमी रुंदीच्या कच्च्या फिल्म) की डिजिटल? बघणारा अंधाऱ्या सभागृहात सुरुवातीपासून शेवटपर्यंत बसणार, की कलादालनात येता-जाता बघणार? आणि कोणती एक गोष्ट काढून घेतली तर ही फिल्म उरणारच नाही? या तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर मिळायला कधी आठवडे जातात, पण ते मिळवावंच लागतं. कुणासाठी ती गोष्ट म्हणजे स्वतःच्या हाताने केलेलं निगेटिव्हचं प्रोसेसिंग, कुणासाठी रोल संपेपर्यंत न तोडलेला शॉट, कुणासाठी सबंध फिल्मभर शांतता. पैसे कमी पडतात तेव्हा काय कापायचं आणि कशाला हात लावायचा नाही, हे या उत्तरावरून ठरतं.

त्यानंतर लगेच चाचणी. १६ एमएमचा १०० फुटांचा रोल सेकंदाला २४ फ्रेम्सने पावणेतीन मिनिटं चालतो. सुपर ८ चं ५० फुटांचं कार्ट्रिज १८ फ्रेम्सने ३ मिनिटं २० सेकंद. अर्ज लिहायला बसण्याआधी असा एक-दोन रोलचा तुकडा चित्रित करून, धुऊन, स्कॅन करून हातात असला पाहिजे. निवड समितीतले लोक एका बैठकीत ढीगभर अर्ज वाचतात. ज्या फिल्मची कथा सांगता येत नाही, तिचं तीन मिनिटांचं खरं फुटेज वीस पानांच्या निवेदनापेक्षा जास्त बोलतं.

निवेदन लिहावं लागतंच. तिथे दोन टोकं टाळावीत. एक म्हणजे सिद्धान्ताची भाषा: ‘काळाच्या अनुभूतीचा वेध’ वगैरे वाचून समितीसमोर काहीच उभं राहत नाही. पडद्यावर काय दिसेल आणि काय ऐकू येईल ते वर्तमानकाळात, साध्या वाक्यांत लिहावं. त्यासोबत कृतीचा नियम लिहावा: कॅमेरा कुठे असेल, किती वेळ चालेल, कधी थांबेल, साहित्य कुठून घेतलं जाईल, ते कोणत्या क्रमाने जोडलं जाईल. पटकथा नसली तरी पद्धत असते, आणि पद्धत नेमकी लिहिता येते.

दुसरं टोक जास्त घातक आहे. काही अनुदानांच्या अर्जात पटकथा बंधनकारक असते म्हणून नुसती दाखवायला एक पटकथा लिहिली जाते. अनुदान मिळालं की तीच पटकथा कराराला परिशिष्ट म्हणून जोडली जाते. तयार फिल्म तिच्यापासून दूर गेली तर ‘मूळ प्रकल्पात बदल’ म्हणून लेखी मंजुरी मागावी लागते आणि शेवटचा हप्ता अडकतो. म्हणून आम्ही अर्ज करण्यापूर्वीच त्या संस्थेला विचारतो की पटकथेऐवजी दृश्य-ध्वनीची रूपरेषा चालेल का. बऱ्याचदा चालते. चालत नसेल तर त्या दारात जाऊ नये, असं आमचं स्पष्ट मत आहे.

बजेटमध्ये कच्च्या फिल्मचा हिशोब सोपा आहे, पण तो फुटांत करावा. १६ एमएमला मिनिटाला ३६ फूट लागतात. साठ मिनिटांच्या फिल्मसाठी एकास पाच असं प्रमाण, म्हणजे एका मिनिटासाठी पाच मिनिटांचं चित्रीकरण, धरलं तर ३०० मिनिटं, म्हणजे १०,८०० फूट, म्हणजे ४०० फुटांचे २७ रोल. लोडिंगमधली नासाडी आणि चाचण्या धरून ३१-३२ मागवावेत. सगळे एकाच बॅचचे मागवावेत, नाहीतर रंगात फरक येतो आणि तो पुढे रंगसंस्कारात, म्हणजे रंग जुळवण्याच्या कामात, निस्तरत बसावं लागतं. फ्रीजमधून काढलेला डबा लगेच उघडू नये. खोलीच्या तापमानाला यायला दीड-दोन तास द्यावेत, नाहीतर फिल्मवर दव साचतं. विमानप्रवासात कच्ची किंवा चित्रित झालेली, पण न धुतलेली फिल्म चेक-इन सामानात कधीही टाकू नये. केबिन बॅगेसाठी आता जे नवे सीटी स्कॅनर आले आहेत तेही फिल्म धुरकट करतात. हाताने तपासणीची विनंती लेखी स्वरूपात आधी पाठवावी आणि तिची प्रत डब्यांसोबत ठेवावी.

पहिले दोन रोल त्याच आठवड्यात धुऊन आणावेत. सगळं चित्रीकरण संपल्यावर एकदम लॅबला पाठवलं की वाहतूक स्वस्त पडते, पण कॅमेऱ्याच्या गेटमध्ये (फिल्मवर प्रकाश पडतो त्या खिडकीत) अडकलेला केस, मॅगझिनमधून (फिल्म भरलेल्या डब्यातून) शिरणारा प्रकाश किंवा फिल्म सपाट धरणारी, सैल पडलेली प्रेशर प्लेट हे दोष तेव्हा कळतात आणि तोवर सगळेच रोल गेलेले असतात.

स्कॅनच्या मागणीपत्रावर मात्र वेळ द्यावा. लॅबच्या दृष्टीने धूळ, ओरखडे, थरथर हे दोष असतात आणि ते काढून टाकणं हा तिचा चांगुलपणा. दिग्दर्शकाने सुईने खरवडलेल्या रेषा स्वयंचलित सफाईत पुसल्या जाऊ शकतात. म्हणून चार गोष्टी लिहून द्याव्यात: धूळ-ओरखडे काढायचे नाहीत, चित्र स्थिर करायचं नाही, ग्रेन (चित्रात दिसणारे फिल्मचे बारीक कण) कमी करायचा नाही, आणि फ्रेमच्या कडेची छिद्रं दिसतील इतकं रुंद स्कॅन करायचं की नाही ते स्पष्ट हवं. साठवणुकीचा अंदाजही इथेच घ्यावा. २०४८ बाय १५५६ आकाराची दहा बिटची डीपीएक्स फ्रेम (स्कॅन केलेल्या एकेका फ्रेमची फाइल) पावणेतेरा एमबीच्या आसपास असते. तासाभराच्या साहित्याला सुमारे १.१ टेराबाइट. वरच्या हिशोबातले पाच तास म्हणजे साडेपाच टेराबाइट, आणि दोन प्रतींसाठी अकरा. हा खर्च बजेटमध्ये धरायचा राहिला तर लोक एकाच हार्डडिस्कवर भिस्त ठेवतात.

आता अनिश्चिततेचे पैसे. आकस्मिक खर्चासाठी सर्वसाधारणपणे १० टक्के धरले जातात आणि बरेच निधी त्याहून जास्त मान्य करत नाहीत. ते दहा टक्के पावसासाठी, बिघडलेल्या कॅमेऱ्यासाठी लागतातच. प्रयोगासाठीचे पैसे त्यात लपवले की तपासणीत कापले जातात. त्यांना स्वतंत्र नाव देऊन वेगळ्या ओळींत मांडावं: चाचणी चित्रीकरण, प्रोसेसिंगच्या चाचण्या, दुसरा चित्रीकरण टप्पा, दुसरा संकलन टप्पा. नाव आणि कारण असलेली ओळ सहसा टिकते.

यातला दुसरा चित्रीकरण टप्पा सर्वांत महत्त्वाचा. आमच्या वेळापत्रकात चित्रीकरण एकसलग नसतं. ठरवलेल्या रोलपैकी साधारण साठ टक्के पहिल्या टप्प्यात वापरायचे, मग सहा ते आठ आठवडे नुसतं संकलन, आणि उरलेले रोल त्यातून जे कळलं त्यानुसार. यात भाडं आणि प्रवास दोनदा पडतो, हे खरं. पण पुष्कळ ठिकाणी कॅमेऱ्याचं आठवड्याचं भाडं तीन-चार दिवसांच्या दरात मिळतं, माणसंही कमी असतात. त्यामुळे वाढीव खर्च वाटतो तेवढा होत नाही. फिल्मला तिचा आकार बहुधा या मधल्या आठवड्यांत सापडतो. पैसे वाचवण्यासाठी दोन टप्पे एकत्र करण्याची सूचना प्रत्येक सहनिर्माता करतो. ती मान्य करू नये.

पैसा येतो तो मुख्यतः अनुदानांतून. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने १९५२ मध्ये एक्सपेरिमेंटल फिल्म फंड सुरू केला तेव्हापासून सार्वजनिक पैशाने असं काम होत आलं आहे. कर्जाचं गणित वेगळं असतं. भारतात १९६० मध्ये स्थापन झालेलं फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन कर्ज देत असे. वेगळ्या वाटेच्या अनेक फिल्म्स त्यातून उभ्या राहिल्या, पण कर्ज म्हटलं की परतफेड आली. १९७६ मध्ये संसदेच्या सार्वजनिक उपक्रम समितीने वसुलीच्याच मुद्द्यावर महामंडळाला धारेवर धरलं. प्रायोगिक फिल्मसाठी व्याजाचा पैसा घेऊ नये, कारण तिचं उत्पन्न आलंच तर दहा-पंधरा वर्षांत थेंबाथेंबाने येतं.

आंतरराष्ट्रीय निधींपैकी रॉटरडॅम महोत्सवाशी जोडलेला ह्यूबर्ट बाल्स फंड १९८८ पासून आहे, बर्लिन महोत्सवाचा वर्ल्ड सिनेमा फंड २००४ पासून, फ्रान्सचा एद ओ सिनेमा द्यु मोंद २०१२ पासून. शेवटच्या दोन्हींना अनुक्रमे जर्मन आणि फ्रेंच निर्मिती-भागीदार लागतो. भागीदार आला की त्याच्या देशात खर्च करण्याच्या अटी येतात, दुसऱ्या वकिलाचं मानधन येतं, दुसरं लेखापरीक्षण येतं. म्हणून मंजूर रकमेकडे न बघता या सगळ्यानंतर फिल्मच्या वाट्याला काय उरतं ते मांडून बघावं. स्कॅन, ध्वनिमिश्रण, रंगसंस्कार अशी कामं तिकडे करायचीच असतील तर सहनिर्मिती फायद्याची. तिकडे करण्यासारखं काही नसेल, केवळ अट पूर्ण करायला एखादा तंत्रज्ञ नेमावा लागत असेल, तर लहान फिल्मला ते ओझं झेपत नाही.

अनुदानाचे पैसे हप्त्यांनी येतात. शेवटचे १० ते २० टक्के फिल्म सुपूर्द झाल्यावर आणि हिशोब तपासून झाल्यावर मिळतात. म्हणजे ध्वनिमिश्रण, डीसीपी (सभागृहात दाखवायची डिजिटल प्रत) आणि सबटायटल्स यांची बिलं भरायची तेव्हा हातात रोकड नसते. महिन्यागणिक रोकडीचा तक्ता पहिल्या दिवशीच बनवावा. बजेट जुळलेलं असूनही फिल्म अडते ती इथे. लॅबशी आधीच बोलून अर्धी रक्कम शेवटच्या हप्त्यानंतर देण्याचं लेखी ठरवावं; ऐनवेळी मागितलेली सवलत मिळत नाही.

करारात लांबीचं कलम नीट वाचावं. ‘५२ मिनिटं’ असा एकच आकडा कधीही मान्य करू नये. ‘३० ते ७५ मिनिटं’ असा पल्ला लिहून घ्यावा. अमेरिकेच्या ऑस्कर अकादमीच्या नियमात ४० मिनिटांपर्यंतची फिल्म लघुपट, त्याहून मोठी पूर्ण लांबीची. काही महोत्सवांत ही रेषा साठवर असते. चाळीस ते साठ या पट्ट्यातल्या फिल्मला कार्यक्रमात जागा मिळणं सर्वांत कठीण जातं. दिग्दर्शकाला हे संकलनाच्या सुरुवातीला एकदा सांगावं. नंतर फिल्म ४७ मिनिटांचीच व्हायला हवी असेल, तर ती तेवढीच होऊ द्यावी. करारात तेवढी मोकळीक ठेवायची ती यासाठीच. अंतिम कटचा, म्हणजे फिल्मचं शेवटचं रूप ठरवण्याचा, अधिकार दिग्दर्शकाचा, हे एका वाक्यात आणि कुठल्याही पुस्तीशिवाय लिहावं.

जुन्या किंवा सापडलेल्या फुटेजवर काम असेल तर पहिल्या दिवसापासून तक्ता ठेवावा: साहित्य कुठून आलं, हक्क कुणाकडे, मूळ टाइमकोड (तुकड्याची नेमकी जागा सांगणारा वेळेचा आकडा), फिल्ममधला टाइमकोड, सेकंद. संकलन संपल्यावर हा तक्ता मागे जाऊन बनवणं जवळजवळ अशक्य असतं, कारण तोवर फाइल्सची नावं बदललेली असतात. अभिलेखागारं सेकंदावर किंवा मिनिटावर दर लावतात आणि बहुधा किमान मर्यादा असते, तीस किंवा साठ सेकंदांची. त्यामुळे पाच संग्रहांतले तीन-तीन सेकंदांचे पाच तुकडे एकाच संग्रहातल्या मिनिटापेक्षा कितीतरी महाग पडतात. हे दिग्दर्शकाला वेळेत कळलं तर निवड करता येते. संगीताला दोन परवानग्या लागतात, रचनेची एक आणि त्या विशिष्ट ध्वनिमुद्रणाची दुसरी. केवळ महोत्सवांपुरता परवाना स्वस्त मिळतो. तो घेताना पुढे सर्व माध्यमांसाठी वाढवायचा झाल्यास किती रक्कम द्यायची, हेही त्याच कागदावर ठरवून घ्यावं.

संकलनाच्या काळात निर्मात्याने कमी बोलावं. लिंक पाठवून मतं गोळा करू नयेत. महिन्यातून एकदा, मोठ्या पडद्यावर, दोन-तीन विश्वासू माणसांसोबत सलग बघावं. लॅपटॉपवर कंटाळवाणा वाटलेला सहा मिनिटांचा शॉट सभागृहात अपुरा वाटू शकतो, आणि उलटही घडतं.

मिश्रण झालं की डीसीपी. इथे प्रायोगिक फिल्मला नेहमीपेक्षा जास्त धोके आहेत. ४:३ प्रमाणाच्या फ्रेमची १६ एमएम फिल्म १९९८ बाय १०८० च्या चौकटीत १४४० बाय १०८० अशी बसवावी, बाजूला काळ्या पट्ट्या ठेवून. ताणून भरू देऊ नये. लुकलुकणारी किंवा दाट ग्रेनची चित्रं दाबताना जेपीईजी २००० ला (डीसीपीतल्या चित्र दाबण्याच्या पद्धतीला) जास्त डेटा लागतो, म्हणून सेकंदाला २५० मेगाबिट ही कमाल मर्यादा मागून घ्यावी. पंचवीस फ्रेम्सची फिल्म चोवीसवर आणली की लांबी सुमारे ४ टक्क्यांनी वाढते आणि आवाजाची पट्टी दुरुस्त केली नाही तर स्वर उतरतो. अखंड मूक फिल्म असली तरी डीसीपीत रिकामा ध्वनिपट असावा. लहान फिल्मचं डीसीपी कुलूपबंद करू नये. प्रत्येक सर्व्हरसाठी वेगळी, ठराविक मुदतीची डिजिटल किल्ली पाठवण्यात चूक झाली तर खेळ रद्द होतो.

सोबत प्रोजेक्शनिस्टसाठी एक पान द्यावं. ‘फिल्मच्या १२व्या मिनिटाला ९० सेकंद पडदा पूर्ण काळा आहे, तो दोष नाही.’ ‘पहिली चार मिनिटं आवाज नाही.’ ‘शेवटच्या चित्रानंतर दिवे लगेच लावू नयेत.’ आवाजाच्या पातळीचाही उल्लेख हवा. मिश्रण फेडर (सभागृहातला आवाज कमी-जास्त करायचं बटण) ७ वर ठेवून होतं, पण कित्येक सभागृहं कायम ५ च्या आसपास चालवतात, आणि मग ज्या बारीक आवाजांवर फिल्म उभी आहे तेच ऐकू येत नाहीत. खेळाआधी पाच मिनिटं तपासणीची वेळ लेखी मागावी. पडद्यावर सेकंदाला तीनपेक्षा जास्त वेळा लखलखाट होत असेल तर प्रकाशसंवेदी अपस्मार असलेल्या प्रेक्षकांसाठी इशारा कार्यक्रमपत्रिकेत आणि दारावरही द्यायला हवा. नुसता फिल्मच्या सुरुवातीला दिला तर अंधारातून उठून बाहेर पडायला वेळ मिळत नाही.

महोत्सवांना सरसकट अर्ज पाठवण्यात पैसा वाया जातो. ओबरहाउझेन १९५४ पासून, अ‍ॅन आर्बर १९६३ पासून, रॉटरडॅम १९७२ पासून या प्रकारचं काम दाखवत आले आहेत. अशी दहा-बारा ठिकाणं निवडून, तिथल्या कार्यक्रम निवडणाऱ्यांनी आधी काय दाखवलं ते बघून, पाच ओळींचं पत्र लिहावं. पहिल्या प्रदर्शनाचा मान एकदाच देता येतो, त्यामुळे क्रम आधी ठरवावा. पहिल्या प्रदर्शनानंतर येणाऱ्या निमंत्रणांकडे प्रदर्शनशुल्क मागावं, लाजू नये. पुढच्या वितरणासाठी सहकारी संस्था आहेत: न्यूयॉर्कची फिल्म-मेकर्स कोऑपरेटिव्ह, सॅन फ्रान्सिस्कोची कॅन्यन सिनेमा, पॅरिसची १९८२ पासूनची लाइट कोन. इथे फिल्मची मालकी कलावंताकडेच राहते.

दालनात दाखवायची असेल तर आवृत्त्यांचा, म्हणजे विकायच्या मोजक्या प्रतींचा, प्रश्न येतो. पाच आवृत्त्या आणि दोन कलावंत-प्रती अशी विक्री ठरली की संग्राहक विचारतो, मग ही फिल्म सभागृहांत कशी दाखवता? विक्रीपत्रात सभागृहातली प्रदर्शनं, महोत्सव आणि शैक्षणिक वापर आवृत्तीच्या बाहेर ठेवल्याचं पहिल्याच विक्रीपासून लिहावं. पहिल्या खरेदीदाराला दिलेला शब्द पुढच्या चौघांना लागू होतो.

या कामावर पोट भरतं का? एका फिल्मवर नाही. तीन-चार प्रकल्प वेगवेगळ्या टप्प्यांवर असावे लागतात: एक अर्जात, एक चित्रीकरणात, एक संकलनात, एक प्रदर्शनात. बजेट कमी पडलं की पहिला घाव निर्मात्याच्या मानधनावर पडतो, म्हणून मानधन आणि कार्यालयखर्च वेगवेगळ्या ओळींत मांडावेत आणि ‘नंतर घेऊ’ असं म्हणून पुढे ढकलू नयेत. बरेच जण जोडीने कार्यक्रम-निवड किंवा अध्यापन करतात, आणि त्याचा उपयोग निर्मितीतही होतो. सायमन फील्ड १९९६ ते २००४ रॉटरडॅम महोत्सवाचे संचालक होते. पुढे कीथ ग्रिफिथ्स यांच्यासोबत निर्माते म्हणून त्यांनी थाई दिग्दर्शक अपिचातपोंग वीरासेताकुल यांच्या ज्या फिल्मला साथ दिली, तिला २०१० मध्ये कान महोत्सवात पाल्म द’ओर हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला. कोणती फिल्म कुठे, कोणासमोर जिवंत होते हे निवडणाऱ्याच्या खुर्चीतून जितकं कळतं तितकं दुसरीकडून कळत नाही.

शेवटचं काम जतनाचं, आणि ते बजेट संपण्यापूर्वी करायचं. मूळ निगेटिव्ह थंड, कोरड्या जागी. स्कॅन, प्रोजेक्ट फाइल्स, मिश्रणाचे सुटे ट्रॅक आणि उघडं डीसीपी तीन प्रतींत, दोन वेगळ्या माध्यमांवर, त्यातली एक प्रत दुसऱ्या गावी. प्रत्येक फाइलचा चेकसम (फाइल जशीच्या तशी आहे का ते तपासायचा आकडा) काढून तो कागदावरही छापून ठेवावा. एलटीओ ही साठवणुकीची चुंबकीय टेप वापरत असाल तर पिढ्यांचं भान ठेवावं: एलटीओ-९ चा ड्राइव्ह एलटीओ-८ टेप वाचतो, एलटीओ-७ वाचत नाही. या सगळ्यासोबत दिग्दर्शकाच्या सहीचं एक पान असावं: पुढे प्रोजेक्टर, फॉरमॅट किंवा पडद्याचा आकार बदलला तर काय बदलू द्यायचं आणि काय नाही. वेग, काळोखाची लांबी, आवाजाची पातळी, डिजिटल प्रत चालेल की फक्त १६ एमएमची प्रिंट, लूप (संपताच पुन्हा सुरू होणारी फिल्म) असेल तर जोड कुठे. हे पान डीसीपी तपासून झाल्याच्या आठवड्यातच लिहून घ्यावं, दिग्दर्शक पुढच्या कामात गुंतण्याआधी.